इंग्लंडच्या शिवारातला खासदार

प्रश्न : अठराव्या शतकात इंग्लंडच्या ग्रामीण भागातून पार्लमेंटमध्ये गेलेल्या, पण कधीच मंत्री न झालेल्या सभासदाला वेतन किती मिळे? आमच्याकडच्या देशमुखांशी त्याची तुलना करता येईल का?
— एक वाचक, सातारा

उत्तर : वेतन मुळीच नव्हते, कॉमन्सच्या, म्हणजे पार्लमेंटच्या निवडून आलेल्या सभागृहाच्या, सर्वसाधारण सभासदांना ते १९११ साली सुरू झाले. उलट १७११ च्या कायद्यानुसार काउंटीच्या (जिल्ह्याच्या) जागेसाठी वर्षाला ६०० पौंडांचे, तर बरोच्या (स्वतःचा प्रतिनिधी पाठवणाऱ्या नगराच्या) जागेसाठी ३०० पौंडांचे जमिनीचे उत्पन्न आवश्यक होते. नात्यातल्या कोणाची जमीन तात्पुरती नावावर करून घेऊन ही अट चुकवणारेही होते, हे वाचून सातारकरांना फारसे नवल वाटू नये.

देशमुखाशी साम्य दिसते ते वरवरचे. देशमुखी हे वंशपरंपरेचे वतन होते आणि वसुलीत देशमुखाचा हक्क ठरलेला असे. इंग्रज जमीनदाराला असा हक्क नव्हता. मात्र जस्टिस ऑफ द पीस म्हणून तो बिनपगारी न्यायदान करी, आणि वर्षातून चार वेळा भरणाऱ्या सत्रांत रस्ते, पूल, गरिबांचे पोषण, दारूच्या गुत्त्यांचे परवाने असे विषय त्याच्यासारख्यांच्याच हाती असत. त्याचे खरे वजन तिथे होते, लंडनमध्ये नव्हे.

वॉरिकशायरमधील आर्बरीचे सर रॉजर न्यूडिगेट यांचे उदाहरण घ्यावे. १७१९ मध्ये जन्मलेले हे गृहस्थ १७४२ ते १७४७ मिडलसेक्सचे आणि १७५१ पासून १७८० पर्यंत ऑक्सफर्ड विद्यापीठाच्या मतदारसंघाचे पार्लमेंट सभासद होते. ते टोरी, म्हणजे राजा आणि चर्च यांची बाजू घेणाऱ्या पक्षाचे, होते, आणि १७१४ नंतर जवळजवळ अर्धशतक टोरींना सत्तेची दारे बंदच राहिल्याने मंत्रिपदाची आशा धरण्यात अर्थ नव्हता. अशा माणसाला पार्लमेंटचा उपयोग स्थानिक विधेयकांपुरता होई, कारण टोलरस्ता, कालवा किंवा सामायिक जमिनीला कुंपण घालणे यांतल्या बहुतेक योजनांसाठी स्वतंत्र कायदा मंजूर करून घ्यावा लागे. न्यूडिगेट यांच्या जमिनीत कोळशाच्या खाणी होत्या. कोव्हेंट्री आणि ऑक्सफर्ड कालव्यांच्या कामात, ज्यांचे कायदे अनुक्रमे १७६८ आणि १७६९ मध्ये झाले, त्यांनी पुढाकार घेतला. त्यात लोकहित किती आणि कोळशाचे हित किती, हे वेगळे काढणे अवघड आहे. त्या काळच्या सभासदांना तसे ते काढावेसे वाटतही नसे. जमीनदाराचे वजन निवडणुकीतही चाले, कारण मतदान उघड असल्याने कुळाने कोणाला मत दिले, हे मालकाला कळत असे; गुप्त मतदान १८७२ मध्ये आले.