बातमीत जुनं टीव्ही फुटेज लावलं की त्यातला निवेदक जाड का दिसतो?
ताणल्यामुळे. जुनं चित्र ४:३ (रुंदी:उंची) चं, आजचा पडदा १६:९ चा; रुंदी भरायला ओढलं की चेहरा एक तृतीयांशाने रुंद होतो. १९२० बाय १०८० च्या फ्रेममध्ये ते १४४० बाय १०८० ठेवा, दोन्हीकडे २४० पिक्सेल मोकळे सोडा. झूम करून भरलंत तर पाव उंची कापली जाते, म्हणजे डोकं तरी जातं नाहीतर खालची नावाची पट्टी.

हलत्या हाताच्या कडेला कंगव्यासारख्या रेघा दिसत असतील तर डीइंटरलेस, म्हणजे एकाआड एक ओळींची दोन अर्धी चित्रं जुळवून पूर्ण फ्रेम बनवणं, राहिलंय. ते आकार बदलण्याआधीच करा. नंतर रेघा चित्रात मुरतात, निघत नाहीत.

आणि ‘संग्रहित दृश्य’ हे लेबल तारखेसह शेवटपर्यंत ठेवा. तीन सेकंदांत काढलं तर मध्येच चॅनेल लावणाऱ्याला फुटेज आजचंच वाटतं.