पायाच्या स्ट्रेस फ्रॅक्चरला एस९२ लावायचा की एम८४?

प्रश्न सोलापुरातल्या दवाखान्याच्या बिलिंगचा आहे, म्हणजे आजारांच्या आयसीडी-१० यादीतला कुठला कोड टाकायचा: पोलीस भरतीसाठी डांबरी रस्त्यावर धावणारा मुलगा, डाव्या पायाचं दुसरं मेटाटार्सल (बोटांमागचं पावलातलं लांब हाड) सततच्या ताणाने चिरलंय, म्हणजे स्ट्रेस फ्रॅक्चर, पडझड काही नाही.

एम८४ लावा. एस९२ मार लागून मोडलेल्या हाडासाठी. आयसीडी-१०-सीएममध्ये, म्हणजे त्या यादीच्या अमेरिकी आवृत्तीत, डावं पाऊल एम८४.३७५, उजवं एम८४.३७४; मेटाटार्सलला वेगळा कोड नाही, ते पावलातच धरतात. बोटांचे मात्र वेगळे: उजवी एम८४.३७७, डावी एम८४.३७८. एम८४.३७६ म्हणजे पावलाची बाजूच लिहिलेली नाही, तो शक्यतो टाळा.

खरी गडबड कोडाच्या शेवटच्या, सातव्या अक्षरात होते. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, उपचार चालू आहेत तोवर 'ए'. नुसतं हाड भरतंय का बघायला आला की 'डी'. उशिरा भरत असेल तर 'जी', जुळलंच नाही तर 'के'. म्हणजे या पोराचा आजचा कोड एम८४.३७५ए. आपल्याकडे मूळ डब्ल्यूएचओची आयसीडी-१० मागितली तर एम८४.३७ एवढंच पुरतं, डावं-उजवं तिथे नाही.

आणि रिपोर्टात नुसतं 'हेअरलाइन' (बारीक चीर) असेल तर कोड टाकू नका. त्यावरून कारण कळत नाही, डॉक्टरांना विचारून केसपेपरवर लिहून घ्या. ऑस्टिओपोरोसिसने हाडं ठिसूळ झाल्यामुळे मोडलं असेल तर प्रकरण एम८०मध्ये जातं.