मेडिकलला नंबर लागणं नेमकं कशावर ठरतं?

ताई, तुमची मुलगी यंदा दहावी झाली आणि तिला डॉक्टर व्हायचंय. तुम्ही विचारलंय की नंबर फक्त नीटच्या मार्कांवर लागतो, की बारावीचे टक्के, मुलाखत, ओळख, पैसा हेही बघतात.

मी डॉक्टर नाही. मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावी तहसीलसमोर माझं महा ई-सेवा केंद्र आहे, तेरा वर्षं झाली. नीटचा निकाल लागला की पुढचे तीन-चार महिने माझ्याकडे मेडिकलची लेकरं आणि त्यांचे आईबाप येतात. फॉर्म भरणं, कागद चढवणं, कॉलेजांचा क्रम लावणं ही कामं मी करतो. त्यामुळे अभ्यास कसा करावा हे मी सांगणार नाही, ते तिचे शिक्षक सांगतील. पण मार्क पडूनही नंबर का हुकतो, हे मी फार जवळून पाहिलंय. तेवढं सविस्तर सांगतो, कारण हा भाग लेकराच्या नाही, आपल्या हातात असतो.

आधी परीक्षेचं. नीटला १८० प्रश्न, ७२० गुण. बरोबर उत्तराला चार, चुकलं तर एक वजा. जीवशास्त्राचे ९० प्रश्न म्हणजे निम्मे गुण तिथेच. भौतिक आणि रसायनचे प्रत्येकी ४५. दोघांचे गुण सारखे आले तर आधी जीवशास्त्राचे गुण बघतात, मग रसायनचे, मग भौतिकचे. बारावीचे टक्के मेरिटमध्ये धरत नाहीत. भौतिक, रसायन, जीवशास्त्र मिळून खुल्या प्रवर्गाला ५० टक्के, राखीव प्रवर्गाला ४० टक्के लागतात आणि इंग्रजीत पास व्हावं लागतं, एवढंच. प्रवेशाच्या वर्षी ३१ डिसेंबरपर्यंत वयाची १७ वर्षं पूर्ण हवीत. मुलाखत नसते. पुण्याचं एएफएमसी, म्हणजे लष्कराचं वैद्यकीय महाविद्यालय, याला अपवाद आहे; तिथे नीटनंतर वेगळी चाचणी आणि मुलाखत होते. आणि ओळख कुणाचीही चालत नाही. हे मी तुम्हाला बरं वाटावं म्हणून लिहीत नाही, इतक्या वर्षांत मी ती चाललेली पाहिली नाही.

‘क्वालिफाय झाली’ या शब्दावर मात्र पेढे वाटू नका. २०२५ ला देशभरात २२ लाखांवर मुलं परीक्षेला बसली आणि १२ लाखांवर क्वालिफाय झाली. एमबीबीएसच्या जागा सगळ्या मिळून सव्वा लाखाच्या आसपास. शिवाय कुणी ‘इतके मार्क पडले की लागतो’ असं सांगितलं तर ते मनावर घेऊ नका. २०२४ ला पहिल्या क्रमांकाला ७२० पैकी ७२० होते आणि खुल्या प्रवर्गाची पात्रतेची रेषा १६२ वर होती. २०२५ ला भौतिकचा पेपर इतका अवघड गेला की पहिल्या मुलालाच ६८६ पडले आणि रेषा १४४ वर आली. म्हणून २०२४ ला सहाशे मार्कांची खुल्या प्रवर्गातली लेकरं आपल्याकडे सरकारी कॉलेजबाहेर राहिली, आणि दुसऱ्या वर्षी त्याहून बऱ्याच कमी मार्कांची आत गेली. मागच्या वर्षीची यादी बघताना रँक बघा, मार्क नको.

आता ज्या गोष्टीसाठी मी हे लिहायला बसलो ती. तुमची मुलगी दहावी झालीय म्हणजे अकरावीचा प्रवेश अजून तुमच्या हातात आहे. सरकारी कॉलेजातल्या १५ टक्के जागा देशपातळीवर भरतात, त्याला ऑल इंडिया कोटा म्हणतात. उरलेल्या ८५ टक्के आपल्या राज्याच्या, त्या मुंबईचा सीईटी सेल, म्हणजे राज्याचा प्रवेश परीक्षा कक्ष, भरतो. या ८५ टक्क्यांत बसायचं तर महाराष्ट्राचं अधिवास प्रमाणपत्र लागतं, आणि दहावी-बारावी दोन्ही महाराष्ट्रातून झालेली असावी लागते. बदलीच्या नोकरीतले केंद्राचे आणि राज्याचे कर्मचारी, सैनिक अशा मोजक्यांना सूट आहे. कर्नाटक सीमाभागातल्या ८६५ गावांतल्या मुलांसाठी थोड्या जागा वेगळ्या असतात. बाकीच्यांना सूट नाही.

माझ्या सख्ख्या पुतण्याची गोष्ट आहे. दहावीला चांगले मार्क पडले म्हणून भावाने त्याला क्लाससाठी हैदराबादला ठेवलं. अकरावी-बारावी तिथल्याच कॉलेजात झाली. पोरगा दोन वर्षं घासला, रँकही चांगली आली. इथला फॉर्म भरायला तो माझ्यासमोर बसला तेव्हा ‘बारावी कोणत्या राज्यातून’ या रकान्यावर माझा हात थांबला. पाठ केलेला नियम होता तो माझा, पण दोन वर्षांपूर्वी प्रवेश घेताना मला कुणी विचारलं नव्हतं आणि मीही आपणहून विचारलं नव्हतं. राज्याच्या ८५ टक्क्यांतून तो बाहेर पडला. ऑल इंडियात त्याच्या रँकला सरकारी जागा नव्हती. त्याच रँकला आमच्याच गल्लीतल्या एका मुलाला इथे सरकारी कॉलेज मिळालं. त्या रात्री भावाच्या घरी कुणी जेवलं नाही. क्लास राजस्थानातल्या कोटा शहरात लावा, हैदराबादला लावा, तो तुमचा निर्णय; पण बारावीचा फॉर्म महाराष्ट्रातल्या कॉलेजातूनच भरला जाईल हे आधी पक्कं करा.

दुसरी गोष्ट कागदांची. तुम्ही कोणत्या प्रवर्गातल्या ते तुम्ही लिहिलं नाही, म्हणून सगळ्यांचं सांगतो. आपल्याकडे लोक जातीचा दाखला काढतात आणि काम झालं असं समजतात. मेडिकलला नुसता दाखला चालत नाही, जात पडताळणी समितीचं वैधता प्रमाणपत्र लागतं, ज्याला सगळे व्हॅलिडिटी म्हणतात. ते नसेल तर मुलगी खुल्या प्रवर्गात मोजली जाते. कधी शासन मुदत वाढवून देतं, पण त्या भरवशावर लेकराचं वर्ष लावू नये. अकरावीला सायन्सला प्रवेश झाला की कॉलेजमार्फत व्हॅलिडिटीचा अर्ज करता येतो. त्याच वर्षी करा. समितीकडून त्रुटी निघते, ती पूर्ण करायला पुन्हा महिने जातात. निकालानंतर धावत आलेल्या बापाला ‘आता होत नाही’ असं सांगणं हे माझ्या कामातलं सगळ्यात जड काम आहे.

पुरावा जुना लागतो. ओबीसीसाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधीचा, विमुक्त-भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१ च्या आधीचा, अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० आणि जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा. म्हणजे आजोबा-पणजोबांच्या शाळेच्या रजिस्टरचा प्रवेश निर्गम उतारा, नाहीतर जुनी महसुली नोंद. मराठवाड्यात निजामाच्या काळातल्या नोंदी उर्दूत असतात, काही ठिकाणी मोडीतही. त्या वाचून घ्यायला जाणकार माणूस गाठावा लागतो. वडिलांच्या बाजूच्या कुणाची, म्हणजे चुलत्याची किंवा सख्ख्या भावंडाची व्हॅलिडिटी आधीच झालेली असेल तर वंशावळीसोबत ती जोडा, काम पुष्कळ हलकं होतं.

ओबीसी, भटके, मराठा म्हणजे एसईबीसी असाल तर नॉन क्रिमीलेयर, म्हणजे घरचं उत्पन्न मर्यादेत असल्याचं प्रमाणपत्र, वेगळं काढायचं आणि त्याची मुदत संपलेली नसावी. ईडब्ल्यूएस, म्हणजे खुल्यातले आर्थिक दुर्बल, असाल तर त्याचं प्रमाणपत्र त्या वर्षीचं. आणखी एक, ज्यात शिकलेले लोकही फसतात: राज्याच्या फॉर्मला राज्याच्या नमुन्यातला दाखला लागतो, ऑल इंडियाला केंद्राच्या नमुन्यातला. दोन्ही वेगवेगळे काढून ठेवा. आणि आजच रात्री दहावीचं मार्कलिस्ट, आधार आणि शाळेचा दाखला एकाशेजारी एक ठेवून नाव अक्षरन् अक्षर जुळतंय का बघा. आडनावातल्या एका इंग्रजी अक्षरासाठी ऐन राऊंडच्या, म्हणजे प्रवेशफेरीच्या दिवशी प्रतिज्ञापत्र करत बसलेली माणसं मी दर वर्षी बघतो.

तिसरी गोष्ट कॉलेजांच्या पसंतीक्रमाची, आणि इथे जितकी चांगली रँक वाया जाते तितकी दुसरीकडे कुठे जात नसेल. लोकांच्या मनात एक भीती बसलीय की मोठं कॉलेज वर लिहिलं आणि मिळालं नाही तर खालचंही हातातून जातं. तसं होत नाही. संगणक मेरिटने एकेक मुलाला घेतो आणि त्याची यादी वरून खाली वाचत येतो. जिथे त्याच्या रँकला जागा शिल्लक दिसते तिथे थांबतो. म्हणून मुंबईचं केईएम वर लिहिल्याने तुमचं लातूर जात नाही. मनात आहे तोच क्रम लिहायचा. उलटं मात्र खरं आहे: जे कॉलेज यादीत लिहिलंच नाही ते कधीच मिळत नाही, आणि जे लिहिलंय ते मिळालं तर त्याखालचं सगळं गळतं. जिथे जायचंच नाही ते लिहू नये.

चार वर्षांपूर्वी एका शेतकरी बापाने माझ्या केंद्रात बसून मुलीची यादी लावली. लातूर, नांदेड, अंबाजोगाई, औरंगाबाद, सोलापूर, अकोला. मी म्हटलं, दादा, गोंदिया लिहा, सिंधुदुर्ग लिहा, नंदुरबार लिहा. ते म्हणाले, एवढ्या लांब पोरगी एकटी नको. मी दोनदा सांगितलं, तिसऱ्यांदा सांगितलं नाही. लेक त्यांची, निर्णय त्यांचा, असं मला वाटलं. तिन्ही राऊंडला तिला काहीच मिळालं नाही आणि गोंदियाची शेवटची जागा तिच्या मागच्या रँकला गेली. तिने वर्ष परत दिलं. आता मी तिसऱ्यांदाही सांगतो, चौथ्यांदाही सांगतो. २०२० च्या सप्टेंबरमध्ये राज्याने ७०:३० चा विभागवार कोटा रद्द केला, तेव्हापासून मराठवाडा, विदर्भ आणि उर्वरित महाराष्ट्र एकाच यादीत आहेत. आपल्या भागाच्या राखून ठेवलेल्या जागा गेल्या, पण सगळं राज्यही मोकळं झालं. आणि जागा वाढल्यात: २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये एकाच दिवशी दहा नवीन सरकारी कॉलेजांचं उद्घाटन झालं. जालना, हिंगोली, वाशिम, बुलढाणा, गडचिरोली, भंडारा हीसुद्धा त्यातलीच. नवीन कॉलेजात रुग्ण कमी, इमारत अर्धवट, या तक्रारी मी ऐकतो आणि त्या खोट्या नाहीत. तरी सरकारी फीमध्ये एमबीबीएस होणार असेल तर मी माझ्या लेकराला तिथे पाठवीन.

पैशाचं तुम्ही विचारलंय, त्यात आडपडदा नको. अभिमत म्हणजे डीम्ड विद्यापीठांची फी वर्षाला वीस लाखांच्या घरात जाते, तिथे रँक मागे असली तरी पैसेवाल्याचं लेकरू पोचतं. हे अन्यायाचं आहे आणि ते तसंच म्हटलं पाहिजे. पण खाजगी कॉलेज म्हटलं की लगेच माघार घेऊ नका. त्यांच्या ८५ टक्के जागा राज्याच्या कोट्याच्या असतात, त्या कॅप राऊंडमधून, म्हणजे सीईटी सेलच्या प्रवेशफेऱ्यांतून भरतात आणि त्यांची फी शुल्क नियामक प्राधिकरण ठरवतं. २०२४ पासून ईडब्ल्यूएस, एसईबीसी आणि ओबीसी मुलींना, घरचं उत्पन्न आठ लाखांच्या आत असेल तर, शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ आहे. खाजगी कॉलेजलाही ते लागू आहे, मात्र प्रवेश कॅपमधल्या या राज्याच्या कोट्यातून हवा; संस्थेच्या, म्हणजे मॅनेजमेंटच्या कोट्यातून घेतला तर नाही. वसतिगृह, मेस, पुस्तकं, अनामत हा खर्च तुमच्यावर राहतोच. अनुसूचित जाती-जमातींसाठी महाडीबीटी या सरकारी संकेतस्थळावरच्या योजना वेगळ्या आहेत. ही माहिती नसल्यामुळे खाजगी कॉलेज यादीत न लिहिलेल्या मुली मी पाहिल्यात.

निकालानंतर तुम्हाला फोन येतील, ‘मॅनेजमेंटची सीट आहे, आज दोन लाख पाठवा’ म्हणून. नंबर कुठून मिळतो देव जाणे. संस्थेच्या कोट्याची जागासुद्धा नीटच्या मेरिटने आणि सरकारी राऊंडमधूनच भरते. एक रुपया देऊ नका.

पहिल्या खेपेला नाही लागला तर? नीट किती वेळा द्यावी याला मर्यादा नाही. माझ्यापुरतं मत सांगतो: दुसरा प्रयत्न जरूर द्यावा, कारण पहिल्या वर्षी बोर्ड आणि नीट अशी दुहेरी ओढाताण असते. तिसऱ्याआधी मात्र तिला एकटीला बसवून विचारा, शेजारीपाजारी, मामा-मावशी कुणी नसताना. ती नाही म्हणाली तर ते ऐका. बीएएमएस, बीएचएमएस, दातांचं बीडीएस हेही नीटवरच आहे आणि मनापासून घेतलं तर त्यातही चांगलं आयुष्य आहे. हरलेल्या चेहऱ्याने तिसऱ्यांदा फॉर्म भरायला आलेली लेकरं बघून माझ्या पोटात कालवतं.

सध्या तुम्ही एवढंच करा. या आठवड्यात तिच्या आजोबांच्या गावच्या जिल्हा परिषद शाळेत जाऊन प्रवेश निर्गम उताऱ्यासाठी अर्ज द्या. रजिस्टर फाटलंय असं सांगितलं तर ते लेखी मागा आणि चुलत आजोबांच्या नावाने पुन्हा शोधायला लावा. अधिवास प्रमाणपत्र लगेच काढून घ्या. कुठे अडलं तर इथेच खाली लिहा, संध्याकाळी केंद्र बंद केल्यावर मी बघतो.