पहिल्यांदा श्रीलंकेला जाताय? मग एवढंच बघा

अगो, पॅकेजमध्ये स्थळं किती ते मोजत बसू नकोस, गाडीत माणसं किती ते आधी विचार. दहा-बारा असली की गाईडचं बोलणं ऐकू येतं, चाळीस झाली की नुसतं झेंड्यामागे पळायचं.

सगळ्यात महत्त्वाचं सिगिरिया, म्हणजे उंच खडकावरचा जुना किल्ला. पायऱ्या १२०० च्या आसपास, त्यामुळे गेट उघडल्या उघडल्या चढायला लागायचं, नंतर ऊन नि गर्दी दोन्ही. मी शहाणा कोरे बूट घालून गेलो, वाटेतल्या त्या दगडविटांच्या सिंहाच्या पंजांपर्यंत पोचलो तर टाचेला हा एवढा फोड, ग्रुप वर फोटो काढतोय नि मी खाली मोजा काढून बसलोय! तू आतापासून रोज पणजीतल्या आल्तिनोचा चढ चढ, तेच बूट घालून.

देवळांत आपल्या मंगेशीसारखंच, खांदे-गुडघे झाकलेले, चपला बाहेर. दंबुल्लाच्या गुहेतल्या देवळाला फरशी दुपारी तव्यासारखी तापते, पर्समध्ये जुने मोजे टाक. आणि बुद्धाच्या मूर्तीकडे पाठ करून सेल्फी अजिबात नको, तिथले लोक ते फार मनाला लावून घेतात.

एंट्री तिकिटं पॅकेजच्या पैशात धरलीत का ते लेखी घे, परदेशी माणसाला ती बरीच महाग पडतात. सिम, करन्सी वगैरे जायच्या आठवड्यात विचार, आत्ता डोकं नको खपवू.