पुढची सीट तिला द्या, स्टिअरिंगचं मात्र बोला

प्रिय ताई,
आम्ही चौघं कॉलेजपासूनचे जिवलग. पुढच्या महिन्यात आठ दिवस गाडीने फिरायचा बेत आहे, पण मागची खेप आठवून आत्ताच डोकं उठलंय. एकीला कायम पुढचीच सीट हवी, वर दिवसभर एकच गाणं. दुसरी तासा-दीड तासाला गाडी थांबवते. गाडी ज्याची, तो स्टिअरिंग कुणाला देत नाही. रात्रभर एकटाच चालवतो, डुलकी यायला लागली की काच खाली करतो. कुणाला न दुखवता बेतातून अंग कसं काढून घेऊ?
– मागच्या सीटवरची

प्रिय मागच्या सीटवरची,

रुसायच्या गोष्टी तुम्ही आधी लिहिल्यात आणि घाबरायची गोष्ट शेवटी. मी उलट्या क्रमाने घेते.

ताशी 80 किलोमीटरने धावणाऱ्या गाडीत चालकाचा 4 सेकंद डोळा लागला, तर गाडी जवळजवळ 90 मीटर आपली आपणच जाते. त्यात तुम्ही तिघं बसलेले असता. काच खाली केल्याने किंवा गाणी मोठ्याने लावल्याने झोप जात नाही, क्षणभर हुशारी वाटते इतकंच. कॉफीचाही असर व्हायला साधारण अर्धा तास लागतो. तो म्हणेल, ‘मला सवय आहे.’ पण मध्यरात्रीपासून पहाटेपर्यंत शरीर झोप मागतंच, सवय असो वा नसो. दर दोन तासांनी किमान 15 मिनिटं थांबा. पेंग यायला लागली तर गाडी सुरक्षित जागी लावून वीसेक मिनिटं झोपू द्या, नाहीतर दुसऱ्याने चालवा. त्या दुसऱ्याकडे लायसन्स आहे ना आणि गाडीच्या विम्यात तो बसतो ना, हे निघण्याआधीच बघा.

आता तुमची तासाला थांबणारी मैत्रीण बघा. तिच्यामुळे त्याची विश्रांती आपोआप होते. तिला टोमणे मारणं बंद करा.

पुढच्या सीटवालीला बहुधा गाडी लागत असेल. कान वळणं टिपत असतो आणि डोळ्यांना गाडीच्या आतलं सगळं स्थिर दिसतं, त्या गोंधळात मळमळतं. पुढे बसून लांबवरचा रस्ता दिसला की बरं वाटतं. पुष्कळ जण लाजेपोटी हे बोलत नाहीत आणि हट्टी ठरतात. एकदा सरळ विचारा. गाण्याची बाजू मात्र मी घेणार नाही, तो छळच आहे. हेडफोन न्या.

(तुमच्या स्वतःच्या तऱ्हेबद्दल पत्रात अवाक्षर नाही. त्या तिघांना विचारून पाहा, उत्तर तयार असेल.)

गाडीवाल्या मित्राशी बोलायचं ते निघण्याआधी, एकट्याला गाठून. चौघांत विषय काढलात तर तो थट्टेवारी नेईल, आणि चालत्या गाडीत काढलात तर चिडेल. ‘तू नीट चालवत नाहीस’ म्हणू नका. ‘तू पेंगतोस तेव्हा मला भीती वाटते, मी रात्री गाडीत बसणार नाही’ एवढंच म्हणा आणि गप्प बसा. मालकीचा आणि जबाबदारीचा त्याचा थोडा अभिमान असेल, त्याला धक्का लावायचं कारण नाही.

तरी त्याने हसण्यावारी नेलं, तर बेत मोडू नका. प्रत्येक रात्रीचा मुक्काम आत्ताच बुक करून टाका. खोल्यांचे पैसे भरून झाले की रात्री गाडी हाकायला त्याच्याकडे निमित्तच उरत नाही.

– ताई