'पंज' फारसी? मग 'दहा'चं काय?

प्रश्न असा: मुलगी शिकायला लुधियान्याला गेली आहे, तिला पंजाबी आकडे लवकर कसे येतील? आणि जाता जाता, पंजाबी 'पंज' हा फारसी शब्दच ना?

नाही! हे इतक्यांदा ऐकलंय की आधी त्याचाच समाचार घेतो. 'पंजाब' हे नाव फारसी, कबूल. पंज म्हणजे पाच, आब म्हणजे पाणी. आपल्या हाताचा पंजाही फारसीच. पण प्रांताला नाव फारसीत पडलं म्हणून तिथल्या माणसांना त्याआधी पाचपर्यंत मोजता येत नव्हतं की काय?

संस्कृत 'पञ्च'चा 'पंज' होणं ही पंजाबीची घरचीच रीत. अनुनासिकामागून (ञ, ण, न, म) आलेलं कठोर व्यंजन (च, ट, त, प) ती मऊ (ज, ड, द, ब) करते. 'कण्टक'चा आपल्याकडे काटा, तिकडे कंडा. 'दन्त'चा आपला दात, त्यांचा दंद. आपण थंडीने कापतो, ते कंबदे. आणि माझा लाडका शब्द, सिंजणा: शेताला पाणी देणं. आपलं 'सिंचन' सरकारी कागदात अडकलं, त्यांनी 'च'चा 'ज' करून ते थेट पाटात सोडलं. आता सिंजणाही फारसी म्हणायचा?

यावर फारसीवाले हमखास पन्नास पुढे करतात, कारण 'पंजाह' दोन्हीकडे सारखं. बरं, मग सात? फारसी हफ्त, पंजाबी सत्त. आठ? हश्त आणि अट्ठ. वीस? बीस्त आणि वीह. शेजारणीकडून नेमके पाच आणि पन्नास तेवढे उसने आणणारी भाषा मी तरी पाहिलेली नाही. दोघींचं मूळ घराणं एक, म्हणून चेहरे जुळतात.

दिसायला सारखं म्हणजे उसनं, हाच न्याय असेल तर आधी आपल्या घरात बघा. फारसीत दहाला 'दह' म्हणतात. म्हणून मराठी 'दहा' इराणातून आला? तो दश, दस, दह असा प्राकृतातून उतरला. गंमत म्हणजे पंजाबीने इथे 'स' जपला: दस. वीस-तीसला मात्र 'स' आपण जपला आणि 'ह' त्यांनी केला: वीह, तीह. दहाला आपण घसरलो, विसाला ते!

हां, मुलगी राहिलीच. इक्क, दो, तिन्न, चार, पंज, छे, सत्त, अट्ठ, नौं, दस: एका संध्याकाळचं काम. सत्त-अट्ठमधलं द्वित्त (दुहेरी व्यंजन) म्हणजे पंजाब्यांचा रांगडा जोर नव्हे, ते प्राकृतातलंच आहे. आपण ते सोडून 'आ' लांबवला. सोळां, चाळी यांत आपला ळ आहे, तिथे ती हिंदीवाल्या मैत्रिणींच्या पुढेच असेल. फक्त 'वीह'मधला 'ह' फोडून म्हणू नये. तो ऐकू येत नाही, 'वी'चा सूर तेवढा चढतो.