मुलगी म्हणते हिरोईन नाही, कॅरेक्टर रोल करायचेत! यात करिअर आहे का?

सांगलीहून एका ताईंचं पत्र आलंय. मुलगी बारावी आर्ट्सला आहे, मोबाईलवर स्पॅनिश शिकता शिकता मेक्सिकोच्या सिरीयल सबटायटल लावून बघायला लागली आणि आता म्हणते अ‍ॅक्टिंगच करणार, पण हिरोईन नाही, मला कार्मेन सालिनाससारखं काम करायचंय. परीक्षा झाली की कॉलेज वगैरे नको, सरळ मुंबई. ताई विचारतात ही बाई कोण, यात पोट भरतं का, आणि शेवटी लिहिलंय, "मुलगी सावळी आहे, अंगाने भरलेली आहे, तिला कोण घेणार?"

ताई, आधी तुमच्या शेवटच्या वाक्याबद्दल बोलू का? ते वाक्य घरात परत बोलू नका, खरंच नका. तुम्ही काळजीपोटी लिहिलंय हे कळतंय मला, पण तुमच्या मुलीने किती शहाणपणाने निवड केलीय बघा ना. या वयात सगळ्यांना पोस्टरवर मधोमध यायचं असतं आणि ही म्हणते मला आई, मावशी, घरमालकीण, शेजारीण करायचीय. असे रोल करणारी माणसं चाळीस चाळीस वर्षं काम करतात, आणि तिथे चेहऱ्याच्या रंगावर नाही, बोलण्याच्या ढंगावर काम मिळतं.

आता कार्मेन सालिनास कोण ते सांगते. जन्म १९३९, उत्तर मेक्सिकोतलं तोर्रेओन नावाचं शहर. सुरुवात गाण्यातून आणि नकलांतून, मोठमोठ्या गायिकांचे आवाज काढायची, हावभाव करायची, लोक हसून बेजार. १९६४ पासून टीव्हीवर मालिकांमध्ये यायला लागली. तिकडच्या मालिकांना टेलिनोव्हेला म्हणतात, आपल्यासारखं टीआरपी आहे तोवर ओढत राहायचं असं नसतं, सोमवार ते शुक्रवार रोज एपिसोड, काही महिन्यांत गोष्ट संपते, मग नवी गोष्ट आणि नवी हिरोईन. हिरोईन बदलत राहते पण मोलकरीण, आजी, बाजारातली बाई करणारी तीच चार-पाच माणसं परत परत दिसतात, आणि प्रेक्षक त्यांना घरच्यासारखं ओळखतात.

तिला घराघरात नेलं ते १९७५ च्या एका सिनेमातल्या दारुड्या बाईने. ला कोर्चोलाता हे त्या पात्राचं नाव, कॅबरेमध्ये झोकांड्या खात फिरणारी, तोंडाने फटकळ. रोल काही मोठा नव्हता, पण लोकांनी असा उचलून धरला की तेच पात्र पुढच्या सिनेमांतही आणावं लागलं. मग १९९१ च्या दान्सोन सिनेमात वेराक्रुझ बंदरावरच्या हॉटेलची मालकीण, आणि १९९५ ला मारिया ला देल बारिओ, थालिया हिरोईन असलेली, जगभर गाजलेली मालिका, तुमच्या मुलीने ती पाहिलेली असणारच. त्यात नायिका भ्रमिष्ट अवस्थेत आपलं तान्हं बाळ रस्त्यावरच्या एका गरीब बाईच्या हातात देऊन टाकते आणि ती बाई त्याला पोटच्यासारखं वाढवते, ती अग्रिपिना म्हणजे कार्मेन. ताई, तिचा स्वतःचा मुलगा, संगीतकार होता, १९९४ ला कॅन्सरने गेला. म्हणजे आदल्या वर्षी मुलगा गेलाय आणि ही कॅमेऱ्यासमोर दुसऱ्याचं पोर छातीशी धरून उभी आहे. या लाईनमध्ये सुट्टी मागायची सोय फार कमी वेळा असते, हे मुलीला आत्ताच माहीत असू द्या.

पोट भरतं का? भरतं, पण एकट्या सिरीयलवर विसंबून नाही. कार्मेनने १९९७ ला मेक्सिको सिटीतल्या सालोन लोस आंखेलेस या जुन्या डान्स हॉलमध्ये आव्हेंतुरेरा नावाचं संगीत नाटक निर्माती म्हणून उभं केलं, वय ५८ च्या आसपास. हिरोईन बदलत बदलत ते नाटक वर्षानुवर्षं चाललं. दुसऱ्याच्या फोनची वाट बघत बसण्यापेक्षा स्वतः काम तयार करायचं, मला तिचा हाच निर्णय सगळ्यात मोठा वाटतो. २०१५ ते २०१८ ती तिकडच्या संसदेतही होती, त्यावरून टीका भरपूर झाली, ते असो. शेवटपर्यंत सेटवर होती, नोव्हेंबर २०२१ मध्ये एका मालिकेचं शूटिंग चालू असतानाच मेंदूत रक्तस्राव झाला आणि ९ डिसेंबरला ती गेली, ८२ वर्षांची होती.

आणखी एक नाव मुलीला द्या, पात्रिसिया रेयेस स्पिंडोला. १९८९ च्या तेरेसा मालिकेत सलमा हायेक हिरोईन होती आणि ही तिची आई. तेरा वर्षांनी सलमा हॉलिवूडला जाऊन चित्रकार फ्रिडा काहलोवरचा फ्रिडा सिनेमा करते तेव्हा फ्रिडाची आई कोण, तर परत हीच. कॅरेक्टर आर्टिस्टचं करिअर असं चालतं, सोबत काम केलेली माणसं विसरत नाहीत.

तिथलं सगळंच इथे लागू होत नाही मात्र. तेलेविसा नावाची तिकडची मोठी कंपनी बऱ्याच कलाकारांना फक्त आमच्याकडेच काम करा म्हणून करार करून ठराविक पैसे द्यायची, अलीकडे तिथेही ते करार खूप कमी झालेत. आपल्याकडे कॅरेक्टर आर्टिस्टला दिवसाच्या हिशोबाने पैसे, तेही साधारण ९० दिवसांनी हातात. ट्रॅक, म्हणजे गोष्टीतला आपल्या पात्राचा भाग, संपला की कामही संपलं. मुंबईत भाडं मात्र दर महिन्याला द्यावंच लागतं. म्हणून बारावीनंतर सरळ मुंबई याला माझा साफ नकार आहे, आणि हे मी तिच्या बाजूने बोलतेय.

सेटवरचं एक उदाहरण देते म्हणजे कळेल. मेक्सिकोत मालिकांच्या सेटवर नटांच्या कानात छोटं यंत्र असतं, दुसरीकडे बसलेला माणूस प्रत्येक वाक्य क्षणभर आधी हळू आवाजात सांगतो आणि नट ते ऐकता ऐकता समोरच्याशी बोलतो, रडतो, भांडतो. वरून सोपं वाटतं, पण कानात पुढचं वाक्य चालू असताना चेहऱ्यावर आत्ताचं ठेवायचं हे किती कठीण आहे, करून बघायला सांगा तिला, तुम्ही पुस्तकातून वाचा आणि ती मागोमाग बोलू दे. आपल्याकडे कानात कोणी नसतं, सीनचा कागद बऱ्याचदा त्याच दिवशी सेटवर हातात पडतो, मेकअप करता करता पाठ करायचा आणि उभं राहायचं, बारा बारा तासांची शिफ्ट. दोन्हीकडे टिकतो तो पाया पक्का असलेला माणूस, आणि हा पाया नाटकात होतो.

आणि तुम्ही सांगलीत राहता हो! विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये सीता स्वयंवर केलं ते तुमच्याच गावात, अजूनही तिथे हौशी नाटकवाले राज्य नाट्य स्पर्धेसाठी तालमी करतात. परीक्षा झाली की तिला एखाद्या ग्रुपमध्ये जाऊ द्या, आधी प्रॉम्प्टिंग करेल, चहा आणेल, कपडे सांभाळेल, काही हरकत नाही. पदवी मात्र हवीच. पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात नाटकातच पदवी करता येते, प्रवेश परीक्षा असते, तिथे जमलं तर उत्तमच, नाही जमलं तर पुण्यात कुठल्याही चांगल्या कॉलेजला आर्ट्स घेऊ दे आणि पुरुषोत्तम करंडक या कॉलेजांच्या एकांकिका स्पर्धेच्या टीममध्ये घुसू दे. दिल्लीच्या एनएसडीला, म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला, पदवी आणि नाटकांचा अनुभव दोन्ही लागतं, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या अ‍ॅक्टिंग कोर्सलाही पदवी लागते, म्हणजे आज कॉलेज सोडलं तर हे दोन्ही रस्ते बंद.

स्पॅनिश अजिबात सोडू देऊ नका. काम नसलेल्या महिन्यांत हीच भाषा तिला जेवू घालेल, सबटायटल, भाषांतर, शिकवण्या, बरंच काही आहे. मोबाईल अ‍ॅपवर न थांबता नीट क्लास लावा आणि कॉलेज संपेपर्यंत डेले या स्पॅनिशच्या परीक्षेची बी टू लेव्हल काढू दे, ते सर्टिफिकेट जगभर चालतं. मेक्सिकोला जाऊन अ‍ॅक्टिंग शिकायचं का असंही तिने विचारलंय म्हणता, तर आत्ता नाही, आईच्या भाषेत उभं राहता आल्याशिवाय परक्या भाषेत उभं राहणं अवघड आहे.

आणि ऑडिशनसाठी, रजिस्ट्रेशनसाठी, पोर्टफोलिओ इथेच काढा म्हणून कोणी पैसे मागितले तर फोन ठेवून द्यायचा. खऱ्या कामासाठी नटाला पैसे मिळतात, द्यावे लागत नाहीत. १८ पूर्ण होईपर्यंत कुठल्याही ऑडिशनला तुम्ही सोबत जायचं, तिला आवडो न आवडो.

तिच्यासाठी एक काम. सुट्टीत रोज मंडईत जायचं, एकच बाई निवडायची, ती पैसे कुठे ठेवते, गिऱ्हाईक घासाघीस करायला लागलं की मान कशी फिरवते, सुट्टे नसले की काय बोलते, सगळं वहीत उतरवायचं आणि मग त्या बाईचा दोन मिनिटांचा व्हिडिओ करायचा, मेकअप नाही, मागे म्युझिक नाही. तसाच दुसरा एखाद्या शिक्षिकेचा किंवा आजीचा. ते दोन व्हिडिओ आणि बारावीची मार्कशीट घेऊन जूनमध्ये दोघी या, वडील येत असतील तर त्यांनाही आणा, कॉलेजचे फॉर्म आपण बसून भरू.